मागणारा पडदा : इंटरनेटवरच्या टेलिव्हिजनची ओळख

२ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाले. वरळीच्या मनोऱ्यावरून निघालेल्या लहरी कोण पकडतो आणि किती जण पकडतात, याची त्या मनोऱ्याला कधीच खबर नव्हती. ‘गजरा’ लागला की एका संचासमोर अख्खी चाळ बसायची. शेजारच्या इमारतीत आणखी दहा संच आले, तरी प्रक्षेपणाचा खर्च एका पैशाने वाढत नसे. पुढे सिंहगडावरच्या मनोऱ्याने तेच कार्यक्रम पुण्याला दाखवले. नव्वदच्या दशकात उपग्रह वाहिन्या आल्या, गल्लोगल्ली केबलवाले आले, २००३ नंतर खिडक्यांबाहेर छोट्या डिश लटकू लागल्या. साधने बदलत गेली, हिशेब मात्र तोच राहिला : एकदा पाठवायचे, ज्याला हवे त्याने घ्यायचे.

इंटरनेटवरच्या टेलिव्हिजनने हा हिशेब पार उलटा केला. फोनवर मालिका लावली की सर्व्हर आपणहून काहीच पाठवत नाही. फोनलाच मागावे लागते. पहिले चार सेकंद दे, आता पुढचे चार दे, रेंज कमी झाली, आता जरा हलक्या दर्जाचे दे. तासाभराच्या एका भागासाठी अशा शेकडो मागण्या जातात. शेजारी बसलेला माणूस तोच भाग त्याच क्षणी बघत असला तरी त्याच्या फोनच्या मागण्या वेगळ्या, त्याला जाणारा माल वेगळा आणि त्याचा खर्चही वेगळा. यातून दोन गोष्टी घडतात. एक, प्रेक्षक वाढला की खर्च वाढतो. दुसरी, कोणी काय पाहिले, किती वेळ पाहिले, कुठे कंटाळून सोडून दिले, याची नोंद पाठवणाऱ्याकडे आपोआप जमा होते. वर्गणी का वाढली, क्रिकेट फुकट का दिले, आवडत्या मालिकेचा दुसरा सीझन का आला नाही, असे ओटीटीबद्दलचे जे वाद आपण घरोघरी घालतो, त्यांतल्या बहुतेकांच्या मुळाशी या दोनपैकी एक कारण सापडते. हे पुस्तक त्या मुळाकडे बघते.

मराठीत या माध्यमावर पुष्कळ लिहिले जाते, पण ते बहुतांशी पडद्यावर काय दिसते त्याबद्दल. शिव्या किती, दृश्ये कशी, कुणाचा अभिनय सरस. चित्र पडद्यापर्यंत पोहोचते कसे, हा प्रश्न ‘तांत्रिक’ म्हणून अभियंत्यांच्या गळ्यात टाकला जातो आणि अभियंते तो इंग्रजीत सोडवून मोकळे होतात. मला ही वाटणी मान्य नाही. वरळीच्या मनोऱ्याने जसे ठरवले की संध्याकाळी सगळी महाराष्ट्रीय घरे एकच कार्यक्रम बघतील, तसेच आज एका साध्या मजकुराच्या फाइलीतल्या चार ओळी ठरवतात की तुम्हाला चित्र स्वच्छ दिसेल की धूसर. ज्याला या माध्यमावर मत द्यायचे आहे, त्याला त्या चार ओळी वाचता यायला हव्यात.

सुरुवात गुणाकाराने करू. फुल एचडी चित्रात आडवे १९२० आणि उभे १०८० ठिपके असतात, म्हणजे एकूण सुमारे २० लाख ७३ हजार. प्रत्येक ठिपक्याच्या रंगासाठी २४ बिट आणि सेकंदाला २५ चित्रे धरली, तर सेकंदाला सुमारे १२४ कोटी बिट होतात. घरात १०० एमबीपीएसचे चांगले फायबर असले तरी त्यातून यातला जेमतेम बारावा भाग जाईल. प्रत्यक्षात तेच चित्र पाच एमबीपीएसमध्ये उत्तम दिसते. याचा अर्थ, अडीचशे भागांतला एकच भाग पाठवला जातो, बाकीचा गाळला जातो, आणि डोळ्याला त्याचा पत्ता लागत नाही.

हे गाळणे दोन मार्गांनी होते. पहिला मार्ग कुणालाही सुचेल असा आहे : लागोपाठच्या दोन चित्रांत फारसा फरक नसतो, तेव्हा एक चित्र पूर्ण पाठवायचे आणि पुढच्या चित्रांसाठी फक्त काय हलले तेवढेच कळवायचे. बातम्या देणाऱ्या निवेदिकेमागचा पडदा अर्धा तास तसाच असतो. हलतात ते ओठ आणि हात. असे चित्र अतिशय स्वस्तात जाते. याउलट चेंडूमागे धावणारा कॅमेरा, मागची गर्दी, मैदानावरचे गवत यांत प्रत्येक ठिपका जागा बदलतो. म्हणून त्याच वेगाच्या जोडणीवर बातम्या झकास दिसतात आणि षटकार मारला की प्रेक्षागृहाचे चौकोनी तुकडे होतात.

दुसरा मार्ग एका चित्राच्या आतला आहे, आणि त्यामागे एका भारतीय माणसाची गोष्ट आहे. बंगळुरूत जन्मलेले नासिर अहमद अमेरिकेत कॅन्सस स्टेट विद्यापीठात शिकवत होते. चित्राचा छोटा चौकोन घ्यायचा, त्यातला उजेड-अंधार संथ आणि जलद अशा लहरींच्या बेरजेत मांडायचा, आणि ज्या बारीक, जलद लहरी डोळ्याला फारशा जाणवत नाहीत त्या कमी अचूकतेने ठेवायच्या किंवा सरळ सोडून द्यायच्या, असे त्यांच्या कल्पनेचे फळ. १९७२ मध्ये त्यांनी या गणितावर काम करण्यासाठी तिथल्या नॅशनल सायन्स फाउंडेशनकडे अनुदान मागितले. ते मिळाले नाही. कल्पना फारच सोपी वाटते, अशा अर्थाचा शेरा एका परीक्षकाने मारल्याची आठवण त्यांनी पुढे लिहून ठेवली आहे. टी. नटराजन आणि के. आर. राव यांच्यासोबतचा त्यांचा निबंध १९७४ मध्ये प्रसिद्ध झाला. आज फोनमधला जेपीईजी फोटो, केबलवरची वाहिनी आणि इंटरनेटवरची मालिका या तिन्हींच्या पोटात तेच गणित किंवा त्याचा वंशज बसलेला आहे. भारतात त्यांचे नाव किती जणांना ठाऊक आहे, हा प्रश्न मी वाचकांवर सोडतो.

या गणितावर उभ्या राहिलेल्या मानकांची वंशावळ थोडक्यात अशी. एमपीईजी-२ने डीव्हीडी आणि डिजिटल वाहिन्या शक्य केल्या. २००३ मध्ये एच.२६४ आले आणि इंटरनेटवरचा व्हिडिओ खऱ्या अर्थाने परवडू लागला. २०१३ मध्ये एचईव्हीसी आले. तांत्रिकदृष्ट्या ते सरस, पण पेटंटांच्या गुंत्यात अडकलेले. त्या गुंत्याला वैतागून गूगल, नेटफ्लिक्स, ॲमेझॉन, मोझिला वगैरे मंडळी २०१५ मध्ये एकत्र आली आणि २०१८ मध्ये त्यांनी एव्ही१ हे मुक्त मानक काढले. दर पिढीत तेवढ्याच दर्जासाठी लागणारे बिट ढोबळमानाने निम्म्यावर येतात. या निम्म्याची किंमत कळायची असेल तर आकडा कोट्यवधी प्रेक्षकांनी गुणायचा.

चित्र लहान झाले, आता ते पोहोचवायचे कसे? इथे या क्षेत्रातली घराणी सुरू होतात, आणि त्यांची भांडणेही.

पहिले घराणे विद्यापीठांतले. स्टॅनफर्डमध्ये स्टीव्ह डिअरिंग यांनी मल्टिकास्टची कल्पना मांडली. १९८९ मध्ये तिचे मानक झाले. एकाने एकदाच पाठवायचे आणि वाटेतल्या राउटरांनी गरजेप्रमाणे प्रती काढून फाट्याफाट्यावर वाटायच्या. वरळीच्या मनोऱ्याचे अर्थशास्त्र इंटरनेटवर आणण्याचा हा सरळ प्रयत्न होता. १९९२ मध्ये त्यासाठी एमबोन नावाचे प्रायोगिक जाळे उभे राहिले, आणि जून १९९३ मध्ये ‘सिव्हियर टायर डॅमेज’ नावाच्या हौशी वाद्यवृंदाने कॅलिफोर्नियातून त्यावर थेट कार्यक्रमही केला. कल्पना देखणी, पण ती चालायला वाटेतल्या प्रत्येक कंपनीच्या प्रत्येक राउटरने सहकार्य करावे लागते. दुसऱ्याच्या प्रेक्षकांसाठी आपल्या राउटरवर ओझे कोण घेणार आणि त्याचे पैसे कोण देणार, याचे उत्तर कुणाकडेच नव्हते.

दुसरे घराणे दूरध्वनी कंपन्यांचे. त्यांच्याकडे ते उत्तर होते, कारण तारेपासून सेट टॉप बॉक्सपर्यंत सगळे त्यांच्याच मालकीचे. त्यांनी तीच कल्पना आपल्या कुंपणाच्या आत राबवली. यालाच आयपीटीव्ही म्हणतात आणि अनेक जण ओटीटीशी त्याची गल्लत करतात. हाँगकाँगमध्ये २००३ मध्ये सुरू झालेली नाऊ टीव्ही ही त्याची यशस्वी आवृत्ती. आपल्याकडे एमटीएनएलने २००६ मध्ये मुंबई आणि दिल्लीत हा प्रयोग केला, २००८ मध्ये केंद्र सरकारची मार्गदर्शक तत्त्वे आली. पण जुन्या तांब्याच्या तारा आणि समोर स्वस्तात ढीगभर वाहिन्या देणारा केबलवाला, यांच्या मध्ये ते बाळसे धरू शकले नाही. घरोघर फायबर पोहोचल्यावर बीएसएनएल आणि एअरटेल २०२४-२५ मध्ये पुन्हा त्याच वाटेने निघाले आहेत.

तिसरे घराणे बिनसर्व्हरचे. प्रत्येक प्रेक्षकाच्या संगणकाने आपल्याकडे आलेला तुकडा पुढच्याला द्यायचा. चीनमधल्या पीपीलाइव्हने हे मोठ्या प्रमाणावर करून दाखवले, स्काइपच्या संस्थापकांनी २००७ मध्ये जूस्ट नावाने गाजावाजा करून पाहिला. मोबाइल आला आणि हे घराणे मागे पडले. आपला डेटा पॅक आणि आपली बॅटरी अनोळखी माणसासाठी खर्च करायला कोण तयार होणार?

जिंकले ते चौथे घराणे, आणि ते सगळ्यांत कमी देखणे होते. त्याची पूर्वपीठिका १९९५ची. सिॲटलच्या एका कंपनीने रिअलऑडिओ आणले आणि त्या वर्षीच्या ५ सप्टेंबरला बेसबॉलच्या एका सामन्याचे थेट समालोचन इंटरनेटवर ऐकवले. तेव्हा समजूत अशी की आवाज किंवा चित्र पाठवायला खास सर्व्हर आणि खास नियम हवेत. पण कार्यालयांच्या फायरवॉल त्या खास नियमांना दारातच अडवत. दहा-बारा वर्षांच्या खटपटीनंतर अभियंत्यांनी तो नाद सोडला. व्हिडिओचे काही सेकंदांचे तुकडे करायचे, प्रत्येक तुकडा ही एक साधी फाइल, आणि वेबपेज जसे मागवतात तशी ती मागवायची. वेबपेज तर सगळीकडे जातेच. २००८च्या बीजिंग ऑलिंपिकच्या सुमारास मायक्रोसॉफ्टने, २००९ मध्ये आयफोनसाठी ॲपलने हा मार्ग घेतला, २०१२ मध्ये डॅश हे आंतरराष्ट्रीय मानक झाले. आज तुम्ही जे बघता ते जवळजवळ सगळे असेच येते.

यातली खरी चतुराई तुकडे करण्यात नाही, प्रत्येक तुकड्याच्या अनेक प्रती करून ठेवण्यात आहे. हे जरा जवळून बघू. डेक्कन क्वीनमध्ये बसलेल्या कुणी कर्जत सोडल्यावर फोनवर चित्रपट लावला, असे समजा. ॲप आधी परवाना आणि यादी मागते. ही यादी म्हणजे साधा मजकूर : अमुक चित्रपट, २४०पी हवे तर सेकंदाला इतके बिट, ४८०पीला इतके, १०८०पीला इतके, आणि प्रत्येकाचे तुकडे अमुक पत्त्यावर. प्लेअर बहुधा हलक्या प्रतीपासून सुरुवात करतो, कारण चित्र लवकर उमटले नाही तर माणूस उठून जातो. तुकडा यायला किती वेळ लागला हे तो मोजतो. रेंज चांगली असेल तर वरची प्रत मागतो आणि त्याच वेळी पुढचे वीस-तीस सेकंद साठवून ठेवतो. बोरघाटातल्या बोगद्यात गाडी शिरते, रेंज जाते, चित्र मात्र चालूच राहते. ते साठ्यातले असते. बोगदा लांबला तर साठा संपत येतो. बाहेर पडताच प्लेअर घाईने हलकी प्रत मागतो आणि नायिकेचा चेहरा दोन-चार तुकडे धूसर दिसतो. पुढचा तुकडा येण्याआधी साठा संपला तरच ते गोल फिरणारे वर्तुळ दिसते.

कोणती प्रत मागायची हे सर्व्हर सांगत नाही, प्रेक्षकाच्या हातातला प्लेअर ठरवतो. कशाच्या आधारे ठरवायचे यावर संशोधकांत दोन तट आहेत. एका तटाचे म्हणणे, आताचा वेग मोजा आणि त्यावरून पुढचा अंदाज बांधा. दुसऱ्याचे म्हणणे, वेगाचा अंदाज मोबाइलवर फसतोच, तेव्हा साठा किती उरला आहे एवढेच बघा. भरपूर असेल तर वरची प्रत, कमी असेल तर खालची. स्टॅनफर्डच्या संशोधकांनी नेटफ्लिक्सच्या प्रेक्षकांवर हा दुसरा विचार तपासून २०१४ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले, आणि चित्र अडकण्याचे प्रमाण घटल्याचे दिसले. प्रत्यक्षातले प्लेअर दोन्हींची सरमिसळ करतात.

तुकडे ठेवायचे कुठे, हा पुढचा प्रश्न. पुण्यातल्या प्रेक्षकाची मालिका कॅलिफोर्नियाहून येत नाही. ती मुंबईतल्या, कधी त्याच शहरातल्या एखाद्या सर्व्हर-खोलीतून येते. एमआयटीतले टॉम लेटन आणि त्यांचा विद्यार्थी डॅनियल लेविन यांनी १९९८ मध्ये अकामाई कंपनी काढली ती याच गणितावर : एकाच फाइलीच्या प्रती जगभर कुठे ठेवल्या म्हणजे कुणालाही लांबून आणावी लागणार नाही. लेविन ११ सप्टेंबर २००१ रोजी न्यूयॉर्कच्या टॉवरवर आदळवलेल्या पहिल्या विमानात होते. त्या दिवशी बातम्यांसाठी जग इंटरनेटवर तुटून पडले तेव्हा तो भार पेलण्यात त्यांच्या कंपनीचा मोठा वाटा होता. पुढे नेटफ्लिक्सने स्वतःची यंत्रे बनवून ती इंटरनेट कंपन्यांच्या इमारतींतच नेऊन ठेवली. गर्दी नसलेल्या वेळात ती दुसऱ्या दिवसाचा माल भरून घेतात. मालिका आणि चित्रपटांचे हे बरे असते, उद्या काय लागणार ते आज ठाऊक असते.

क्रिकेटचे तसे नाही, आणि या बाबतीत भारताने जगाला धडा घालून दिला. २०१०चे आयपीएल यूट्यूबवर दिसले होते, २०१५ मध्ये हॉटस्टार आले, पण खरा बांध फुटला तो सप्टेंबर २०१६ मध्ये जिओच्या स्वस्त डेटाने. १० जुलै २०१९ रोजी मँचेस्टरला विश्वचषकाची उपांत्य लढत चालू असताना हॉटस्टारवर एकाच वेळी २ कोटी ५३ लाख प्रेक्षक होते. धोनी धावबाद झाला आणि आकडा धाडकन कोसळला. माणसे गेली तर सर्व्हरला हायसे वाटेल असे आपल्याला वाटते. होते उलटेच. निराश प्रेक्षक फोन बंद करत नाही, बॅकचे बटण दाबतो. तो ॲपच्या पहिल्या पानावर येतो, आणि ते पान प्रत्येकासाठी वेगळे रचावे लागते : याने काय पाहिले, कुठे सोडले, याला काय सुचवायचे. व्हिडिओचा तुकडा लाखोंना तोच देता येतो, हे पान देता येत नाही. कोट्यवधी लोक काही क्षणांत तिथे आले की कोसळण्याचा धोका तिथे असतो. हॉटस्टारच्या अभियंत्यांनी जाहीर व्याख्यानांतून हा अनुभव सांगितला आहे, आणि माझ्या मते भारतीय अभियांत्रिकीच्या अलीकडच्या इतिहासातली ती फार मोलाची सामग्री आहे.

१९ नोव्हेंबर २०२३ला अहमदाबादच्या अंतिम सामन्यात हाच आकडा ५ कोटी ९० लाखांवर गेला. प्रत्येकाला अगदी हलकी, एक एमबीपीएसची प्रत दिली असे धरले, तरी सेकंदाला ५९ लाख कोटी बिट होतात. वरळीच्या मनोऱ्याला यासाठी एक दिवाही जास्त लावावा लागला नसता.

थेट सामन्याचे दुसरे दुखणे उशिराचे. शेजारच्या घरात आरडाओरडा होतो आणि आपल्या फोनवर गोलंदाज अजून धाव घेत असतो. उपग्रहाचा संदेश सुमारे ३६ हजार किलोमीटर वर जाऊन परत येतो, त्याला पाव सेकंद लागतो. इंटरनेटवरचा सर्व्हर त्याच शहरात असूनही मागे पडतो, कारण तुकडा आधी पूर्ण व्हावा लागतो, मग तो मागवला जातो, आणि खबरदारी म्हणून प्लेअर दोन-तीन तुकडे हाताशी ठेवूनच सुरू होतो. दहा सेकंदांचे तुकडे असत तेव्हा अर्ध्या मिनिटाचा उशीर ठरलेलाच. तुकडा पूर्ण होण्याआधीच त्याचे कण पाठवण्याच्या पद्धती २०१९ नंतर रुळल्या आणि हे अंतर पुष्कळ कमी झाले आहे. साठा कमी ठेवला की उशीर घटतो आणि चित्र अडकण्याची भीती वाढते. ही ओढाताण कुणालाही सुटलेली नाही.

हे सगळे आज समजून का घ्यायचे? मार्च २०२० आठवा. टाळेबंदी लागली, सगळा देश घरात बसला, आणि मोबाइलची जाळी कोलमडू नयेत म्हणून भारतातल्या व्हिडिओ कंपन्यांनी एकत्र बसून ठरवले की १४ एप्रिलपर्यंत मोबाइलवर एचडी दाखवायचे नाही, ४८०पीच्या वर जायचे नाही. त्याच आठवड्यात, २८ मार्चला, दूरदर्शनने ‘रामायण’ पुन्हा सुरू केले आणि कितीही घरांनी ते लावले तरी कुणालाही दर्जा खाली आणावा लागला नाही. दोन अर्थशास्त्रांतला फरक इतका उघड पुन्हा कधी दिसला नसेल. मोबाइल टॉवरऐवजी प्रक्षेपण मनोऱ्यावरून थेट फोनवर चित्र पाठवण्याचे जे प्रयोग प्रसार भारती आणि आयआयटी कानपूर करत आहेत, त्यांची प्रेरणा याच फरकात आहे. दुसरीकडे तीच प्रसार भारती २० नोव्हेंबर २०२४ला गोव्याच्या चित्रपट महोत्सवात ‘वेव्हज’ हे आपले ओटीटी व्यासपीठ सुरू करते. दोन्ही दगडांवर पाय ठेवण्याचे कारण पुस्तकाच्या उत्तरार्धात उलगडेल.

मराठीच्या बाजूनेही हिशेब बदलतो. उपग्रहावर नवी वाहिनी काढायची तर जागा भाड्याने घ्यावी लागते, ती चोवीस तास भरावी लागते. इंटरनेटवर समालोचनाचा आणखी एक आवाज जोडायला त्या मानाने फार थोडे लागते. २०२३च्या आयपीएलचे समालोचन जिओसिनेमावर मराठीसह बारा भाषांत झाले ते यामुळेच परवडले. २०२१ मध्ये केवळ मराठीसाठी प्लॅनेट मराठी निघू शकले. पण साठवणे स्वस्त झाले म्हणून सापडणे सोपे झाले असे नाही. पहिल्या पानावर काय दिसावे हे नोंदींवर चालणारा कार्यक्रम ठरवतो, आणि ज्या भाषेचे प्रेक्षक त्या पानावर मुळात कमी, तिचे चित्रपट आणखी खाली ढकलले जाण्याचा धोका राहतो. न्यू जर्सीतल्या किंवा दुबईतल्या मराठी घराची अडचण आणखी वेगळी. तिथे ॲप उघडते, मालिका दिसत नाही, कारण हक्क देशागणिक विकलेले असतात आणि सर्व्हर आधी फोनचा पत्ता कोणत्या देशातला ते तपासतो.

कायद्याचे क्षेत्र मी जाणूनबुजून थोडक्यात ठेवले आहे. फेब्रुवारी २०२१च्या नियमांनी ओटीटी कंपन्यांना वयानुसार वर्गीकरण आणि तक्रार निवारणाची त्रिस्तरीय रचना घालून दिली. केबल कायदा मात्र १९९५चाच चालतो. यावर वकिलांनी लिहिलेली चांगली पुस्तके आहेत, आणि नियम छापून होईपर्यंत बदलतात. वर्गण्यांचे दर याच कारणाने वगळले. कोणती मालिका बघावी, हेही इथे सापडणार नाही.

सापडेल ते एवढेच : कॅमेऱ्यापासून पडद्यापर्यंत चित्राचा प्रवास, प्रत्येक वळणावर कोणी कोणता निर्णय घेतला, आणि त्या निर्णयाचे पैसे कोण मोजते. दहावीपर्यंतचे गणित पुरेल. जिथे त्याहून जास्त लागले तिथे मजकूर चौकटीत टाकला आहे. चौकट ओलांडून पुढे गेलात तरी धागा तुटणार नाही. पत्रकार, माध्यमांचे विद्यार्थी, पटकथा लिहिणारे, आणि केबलचा व्यवसाय सोडून ब्रॉडबँडकडे वळलेले गल्लीतले व्यावसायिक, असे वाचक लिहिताना डोळ्यांसमोर होते. या शेवटच्या मंडळींना यातले पुष्कळसे हाताने ठाऊक आहे. त्यांनी चुका दाखवल्या तर पुढच्या आवृत्तीत दुरुस्त करीन.

पान उलटण्याआधी एक काम करा. संगणकावर यूट्यूबचा कोणताही व्हिडिओ लावा, चित्रावर उजवे बटण दाबा आणि ‘स्टॅट्स फॉर नर्ड्स’ निवडा. आकड्यांची एक काळी पाटी उघडेल. त्यात कोडेकचे, म्हणजे चित्र लहान करणाऱ्या मानकाचे, नाव असेल, जोडणीचा वेग असेल आणि साठ्यात किती सेकंद शिल्लक आहेत तेही असेल. आता वायफाय बंद करा आणि तो शेवटचा आकडा बघत राहा. तो शून्यावर आला की वायफाय पुन्हा लावा आणि पहिले प्रकरण उघडा.